अधांतरी गड रचायचा कसा? नव्या कथाकारांसाठी आणि खेळाडूंसाठी

ठाण्यात आमचा एक छोटा गट आहे. महिन्यातून दोन रविवार आम्ही नौपाड्यातल्या एका दिवाणखान्यात जमतो, मधे नकाशा पसरतो आणि फासे टाकत एखादं काल्पनिक राज्य खेळतो. एक जण सूत्रधार, बाकीचे पात्रं. काही जण पुढे त्याच जगाच्या गोष्टी लिहायला घेतात. नवीन कोणी आलं की त्याच्या वहीत हमखास एक चित्र असतं: ढगांत लटकलेला, खाली कसलाही आधार नसलेला, जादूने तोललेला गड. मला ते चित्र फार आवडतं. आणि दोन-तीन बैठकींत तो गड फिका पडताना मी अनेकदा पाहिलाय, म्हणून हे सविस्तर लिहितोय.

माझ्या पहिल्या गडावर स्फटिकाचे मनोरे होते, निळा उजेड होता, पहाऱ्याला गरुड होते. माझी बारा वर्षांची भाची खेळायला बसली होती. तिचं पात्र बरीच चढाई करून गडावर पोचलं आणि तिने विचारलं, "मामा, तहान लागलीय. पाणी कुठं आहे?" मी म्हटलं, "असेल कुठेतरी." तिने मान डोलावली, पण त्यानंतर गडावर काही शोधायचं तिच्या मनात आलं नाही. तिथून मी शिकलो ते असं: दगड हवेत राहतो, एवढी एकच गोष्ट वाचक आपल्याला उधार देतो. बाकी सगळं रोख मोजावं लागतं. आणि ते मोजायला ठाण्या-नवी मुंबईच्या माणसाइतकी सोय क्वचितच कोणाकडे असेल, कारण आपल्या चहूबाजूंना खरे गड उभे आहेत.

पहिली पायरी: आधी जमिनीवरचा गड चढा

कागद-पेन्सिल घेण्याआधी एक तरी गड पायाखालून घाला. पनवेलजवळचा कर्नाळा सर्वात उत्तम. पक्षी अभयारण्यातून वाट वर जाते आणि माथ्यावर अंगठ्यासारखा सुळका उभा दिसतो. त्या सुळक्याच्या पोटाशीच पाण्याची टाकी कोरलेली आहेत. ती बघा, त्यांच्या कडा चाचपा, आत किती खोल असेल याचा अंदाज घ्या. सुळक्यावर आग्या मोहोळं लटकलेली असतात, तेव्हा आरडाओरडा करू नका, अत्तर लावून जाऊ नका. ती मोहोळं मात्र लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडतील.

जास्त चढायची तयारी असेल तर आसनगावला उतरून माहुली. ठाणे जिल्ह्यातला हा सर्वात उंच गड, साडेआठशे मीटरच्या आसपास. १६३६ साली शहाजीराजांनी निजामशाही वाचवण्याची शेवटची झुंज इथूनच दिली. वेढ्यात सापडलेल्या गडावर माणसं दिवस कसे काढत असतील, हा प्रश्न माहुलीच्या माथ्यावर बसून स्वतःला विचारा. घरी बसून विचारण्यापेक्षा तिथे वेगळं उत्तर मिळतं. शेवटच्या टप्प्यात लोखंडी शिडी आहे; तिच्यावर मधोमध क्षणभर थांबून खाली बघा. आपल्या अधांतरी गडावर रोज ये-जा करणाऱ्याच्या पोटात काय होतं ते तिथे समजेल.

चढणं जमणार नसेल तर बेलापूरच्या खाडीकाठी किल्ल्याचे अवशेष आहेत, घोडबंदरचा किल्ला आहे. ठाण्याचा स्वतःचा किल्ला तर आज मध्यवर्ती कारागृह आहे, तो बाहेरूनच बघायचा. पण गड मोडकळीला आला, की त्याचं पुढे काय होतं, त्याची जागा कोण कशासाठी वापरतं, हे त्याच्या भिंतीशेजारून चालतानाही कळतं.

दुसरी पायरी: गड खाडीवर टांगून मोजा

"प्रचंड मोठा गड" असं लिहू नका. आकडा ठरवा. मी नव्या लोकांना नेहमी सांगतो, तुमचं काल्पनिक जग जरा बाजूला ठेवा आणि गड तात्पुरता ऐरोलीच्या पुलाजवळ ठाण्याच्या खाडीवर टांगा. तिथे प्रत्येक अंतर तुमच्या अंगवळणी पडलेलं असतं.

लांबीसाठी बारा डब्यांची लोकल घ्या. ती अडीचशे मीटरच्या थोडी पुढे जाते. गड एका लोकलएवढा लांब, म्हणजे २५० मीटर. रुंदी १०० मीटर, खालच्या खडकाची जाडी ३० मीटर. उंची माहुलीएवढी, हिशोबाला सोपी म्हणून ८०० मीटर. एवढं ठरलं की बाकीचं जग आपोआप हलू लागतं. ८०० मीटरवरून क्षितिज शंभर किलोमीटरवर जातं, म्हणजे आभाळ स्वच्छ असेल तर शत्रूचं सैन्य तीन-चार दिवस आधी दिसेल. मग अचानक हल्ल्याचा प्रसंग रंगवायचा तर धुकं हवं, पाऊस हवा, रात्र हवी. वर हवा पाच अंशांनी थंड असते, त्यामुळे पायथ्याच्या माणसाने वर येताना घोंगडी आणणं स्वाभाविक आहे. अशा बारीक गोष्टी शोधून काढाव्या लागत नाहीत, आकड्यातूनच हाती येतात.

तिसरी पायरी: जादू एकच, आणि तिला अट

आता वजन. आपला सह्याद्रीचा काळा दगड, बेसॉल्ट, घनमीटरला साधारण २.९ टन भरतो. २५० गुणिले १०० गुणिले ३० म्हणजे साडेसात लाख घनमीटर, वजन २१ लाख ७५ हजार टन. हेलियम घनमीटरमागे जेमतेम एक किलो उचलतो. म्हणजे हा गड फुग्याने उचलायचा तर फुगा सव्वा किलोमीटरहून थोडा अधिक लांब, तेवढाच रुंद आणि तेवढाच उंच हवा. म्हणून जादू लागते. तिची लाज बाळगायचं कारण नाही, फक्त ती कशी वागते ते ठरवा.

आपल्याकडे याचा फार जुना नमुना आहे. तारकासुराच्या तीन मुलांना मयासुराने तीन पुरं बांधून दिली: सोन्याचं स्वर्गात, रुप्याचं अंतरिक्षात, लोखंडाचं पृथ्वीवर. ती अभेद्य होती, पण हजार वर्षांतून एकदा तिन्ही एकत्र येत आणि त्या क्षणी एकाच बाणाने मोडू शकत. शंकराने तो क्षण साधला. कार्तिकात त्रिपुरारी पौर्णिमेला देवळात त्रिपूर पाजळताना आपण त्याचीच आठवण ठेवतो. या कथेत पुरं कशामुळे उडतात याचं स्पष्टीकरण कुठेच दिलेलं नाही. ती कधी पडतात तेवढं मात्र स्पष्ट सांगितलंय. नव्या लेखकाने नेमकं हेच करावं. जादूचं मूळ गूढ राहिलं तरी चालतं. तिची अट मात्र वाचकाला आधीच, भरल्या घरात, सगळ्यांच्या देखत सांगितलेली हवी. गड कोसळायच्या पानावर नवीन नियम काढला तर वाचकाला फसवल्यासारखं वाटतं.

मी माझ्या गडासाठी अट घेतली ती अशी: जादू गडाला हवेत फुग्यासारखं तोलते. वजन वाढलं की गड थोडा खाली येतो, घटलं की वर जातो. एवढंच. तुम्ही दुसरी घ्या, पण एका वाक्यात मावेल अशी घ्या.

चौथी पायरी: पाणी

इथे घाई करू नका. माझ्या मते गडाची अर्धी गोष्ट पाण्यातच असते.

रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात, म्हणजे मराठेशाहीतल्या राज्यकारभारावरच्या ग्रंथात, गड बांधण्याआधी पाणी पाहायला सांगितलंय. एवढ्यावर ते थांबत नाहीत. झरा असला तरी त्याच्या भरवशावर निश्चिंत राहू नये, लढाईत तोफांच्या आवाजाने झरे आटतात, म्हणून साठ्याची टाकी वेगळी राखावी, असंही ते बजावतात. आपल्या गडाखाली तर डोंगरच नाही, मग झरा येणार कुठून? उरतो पाऊस.

हिशोब करू. गडावर पाचशे माणसं, माणशी दिवसाला दहा लिटर, दसऱ्यापासून मृगापर्यंत आठ महिने. बारा लाख लिटर लागतात. वीस मीटर लांब, पंधरा मीटर रुंद, चार मीटर खोल असं एक टाकं पुरतं. ठाण्यात वर्षाला अडीच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि एक मिलिमीटर पाऊस म्हणजे चौरस मीटरला एक लिटर. गडाचा माथा २५ हजार चौरस मीटर. म्हणजे सव्वासहा कोटी लिटर पाणी वरून येतं, आणि लागतं फक्त बारा लाख. पहिल्यांदा हे मांडलं तेव्हा मी थक्क झालो. मी पाण्याच्या टंचाईची गोष्ट लिहायला बसलो होतो आणि कागदावर उभी राहिली पाण्याच्या लोंढ्याची!

आता यात तिसऱ्या पायरीची अट मिसळा. हवा दर शंभर मीटरला सुमारे एका टक्क्याने विरळ होत जाते, म्हणून फुग्यासारखा तोललेला गड एक टक्का जड झाला तर शंभर मीटर खाली, दाट हवेत जाऊन थांबतो. टाकं भरलं की बाराशे टन वाढतात. गडाच्या वजनाच्या मानाने किरकोळ, पण गड पाच-सहा मीटर खाली येतो. आश्विनात तो सर्वात खाली असतो. जसजसं पाणी संपतं तसतसा वर सरकतो, आणि वैशाखात खालून लावलेली शिडी पाच-सहा मीटर तोकडी पडते. त्यामुळे दिवाळीत लग्नाचं वऱ्हाड वर जाऊ शकतं, वैशाखात नाही. गडावरची लग्नसराई कार्तिकातच उरकते. खालच्या गावात म्हण पडते, शिडी पुरेना म्हणजे मृग आला.

आषाढातल्या एका रात्रीत दोनशे मिलिमीटर कोसळला, आणि असा पाऊस ठाणेकराला नवा नाही, तर माथ्यावर पाच हजार टन पाणी पडतं. पन्हळी मोकळ्या असतील तर ते वाहून जाईल. पानं-फांद्या अडकून तुंबल्या तर गड रात्रीत पंचवीस मीटर खाली बसेल. शिडीचा खालचा मजला चिरडेल, पायथ्याशी बांधलेली गुरं बिथरतील. म्हणून या गडावर सर्वात मानाचं काम कोणाचं? पन्हळी साफ करणाऱ्याचं. पावसाळ्याआधी त्याची पूजा होते, त्याच्या घरी पहिला नैवेद्य जातो. हे मी कल्पनेने रचलं नाही, गुणाकार करून मिळवलं.

एक काळजी घ्या: गड ढगांच्या फार वर नेलात तर पाऊसच मिळणार नाही. पावसाळी ढग माहुलीच्या माथ्याला वेढतात, तेव्हा ८०० मीटरवरचा गड चार महिने ढगातच बुडलेला राहील. धान्याला बुरशी येईल, दारूगोळा सादळेल, कपडे वाळणार नाहीत. गडकऱ्यांना श्रावणात ऊन पाहायचं तर खाली यावं लागेल.

वर येण्याच्या वाटा

हिरकणी आपल्याला का आठवते? सूर्यास्ताला दरवाजा बंद होतो, या एका नियमामुळे. तिचं बाळ घरी होतं, नियम तिच्यासाठी मोडणार नव्हता, म्हणून ती कडा उतरली. तुमच्या गडाला पंखांचे घोडे, उडत्या नौका आणि क्षणात पोचवणारी दारं असं सगळं दिलंत तर हिरकणीला कडा उतरायची गरजच उरत नाही. म्हणून वर यायला मोजून दोन वाटा ठेवा आणि एकीला वेळ बांधा.

आज्ञापत्र म्हणतं की गडाला एकच दरवाजा असणं हा मोठा दोष; दुसरा हवा, शिवाय चोरदिंड्या हव्यात. माझ्या गडाला शिडीवजा मुख्य वाट आहे आणि सामानाचा रहाट आहे. पाचशे माणसांना दिवसाला अडीचशे किलो धान्य लागतं, वर सरपण, मीठ, तेल. म्हणजे रहाट रोज चालतो आणि तो ओढणारी माणसं रोज एकमेकांशी बोलतात. गडावरच्या सगळ्या बातम्या आधी रहाटावर पोचतात, मग सदरेवर. चोरदिंडी कुठे आहे ते मी इथेही सांगणार नाही, तुमची तुम्ही ठरवा आणि खेळ संपेपर्यंत कुणाला सांगू नका.

खाली कोण राहतं?

नवे लेखक गडाखाली कायमच्या अंधारात पिचणारं गाव दाखवतात. भावना खरी आहे, पण हिशोब बसत नाही. ८०० मीटरवरच्या गडाची सावली भर दुपारी तासाला दोनशे मीटरहून जास्त सरकते. सूर्य तीस अंशांवर असताना ती जवळपास चौदाशे मीटर दूर पडलेली असते. एका शेतावर ती दिवसातून तासभर टेकेल आणि पुढे जाईल. कायमचा अंधार हवा असेल तर गड पन्नास मीटरवर आणा; मग तो प्रसंग फार भेदक होईल, कारण वरच्यांच्या भांड्यांचा आवाजही खाली ऐकू येईल.

मला सरकती सावलीच जास्त आवडते. ती गावाचं घड्याळ होते. सावली पाटलाच्या विहिरीवर आली की न्याहारी, देवळावर आली की गुरं पाण्यावर. ठाण्याच्या अक्षांशावर मेच्या मध्याला आणि जुलैच्या अखेरीस सूर्य दुपारी बरोबर डोक्यावर येतो. त्या दोन दिवशी गडाची सावली नेमकी गडाखाली पडते, बाकी वर्षभर ती कधी उत्तरेला तर कधी दक्षिणेला कललेली. जुलैतला दिवस ढगांत हरवतो, मेमधला लख्ख दिसतो. गावाची जत्रा त्याच दिवशी भरणार, दुसरं काय!

आणि कचरा. गडावरून फेकलेलं सगळं कुणाच्या तरी अंगणात पडतं. झाडलेला केर गडाखाली टाकू नये, जागच्या जागी जाळून त्याची राख परसात घालावी आणि त्यावर भाजीपाला करावा, असं अमात्यांनी लिहून ठेवलंय. तीनशे वर्षांपूर्वीचा तो नियम आपल्या अधांतरी गडाला तंतोतंत लागू पडतो. तो पाळणारा हवालदार, म्हणजे गडाचा मुख्य अधिकारी, खालच्यांना देवमाणूस वाटेल. पुढचा हवालदार तो मोडील, आणि तुमच्या मालिकेचा दुसरा भाग तिथून सुरू होईल.

नावं देताना

माची, बालेकिल्ला, देवडी (दरवाजाच्या आतली पहारेकऱ्यांची जागा), फांजी (तटावरची चालायची वाट), जंग्या (तटातली बंदुकीची भोकं), अंबरखाना (धान्याचं कोठार), दारूखाना, सदर. हे शब्द वापरा. वाचकाच्या डोळ्यांपुढे गड उभा करायला एक "देवडी" जे करते ते चार विशेषणं करत नाहीत. कारभारी नेमायचे तर हवालदार, सबनीस, कारखानीस असे तीन नेमा. किल्ल्या एकाकडे, हजेरी आणि हिशोब दुसऱ्याकडे, कोठार तिसऱ्याकडे. तिघांची संमती असल्याशिवाय एकट्याला गड विकता येत नाही, आणि फितुरीच्या कथेला ही व्यवस्था सोन्यासारखी आहे.

एका भागाला मात्र आपल्या दुर्गशब्दांत नाव नाही. खऱ्या गडाला खालची बाजू नसते ना! मी तिला "गडाचं पोट" म्हणतो. मघाशी लक्षात ठेवायला सांगितलेली कर्नाळ्याची मोहोळं इथे आणा. पोटाला आग्या मोहोळं लटकलेली, फटींत पाकोळ्यांची घरटी, पिंपळ-उंबराची मुळं हवेत लोंबणारी. दोरावर लोंबकळत मध काढणारी माणसं पोटाखालीच काम करतात, त्यामुळे दगडाला गेलेली पहिली भेग त्यांनाच दिसते. गडावर त्यांना कोणी सदरेवर बसू देत नाही. भेगेची खबर त्यांनी द्यावी कोणाला?

शेवटची पायरी: एक दिवस लिहून बघा

राजा, युद्ध, शाप यातलं काही नको. रहाटावर काम करणाऱ्या एका बाईचा पहाटेपासून रात्रीपर्यंतचा दिवस वहीच्या दोन पानांत लिहा. तिने तोंड कुठल्या पाण्याने धुतलं, चूल कशावर पेटवली, तिचं माहेर खाली असेल तर ती शेवटची कधी गेली, वारा सुटला की ती कशाला धरते. प्रत्येक वाक्याला गडाचा आकडा विचारा. जिथे लेखणी अडेल तिथे नकाशा अपुरा आहे, तेवढाच भाग पुन्हा आखा. मग ती दोन पानं एखाद्या लहान मुलाला वाचून दाखवा आणि त्याचे प्रश्न शब्दशः टिपून घ्या.

भाचीला मी नवा गड दाखवला तेव्हा तिचं पात्र आधी टाक्यापाशी गेलं. पोटभर पाणी प्यायलं. मग तिने विचारलं, "मामा, आत्ता महिना कोणता चालू आहे?" मी म्हटलं, "चैत्र." तिने बोटांवर काहीतरी मोजलं आणि म्हणाली, "मग शिडी थोडी कमी पडत असेल. मी दोर घेऊन निघते."